सव्वाशे एमबीचा राउटर

सकाळी ५.४०. कोल्हापूर, राजारामपुरीतल्या एका जुन्या इमारतीचा दुसरा मजला. खाली दुकानं अजून बंद. वर नेटवर्किंगचा क्लास. दार लाकडी, जुलैच्या पावसानं फुगलेलं. सर खांद्यानं रेटा देतात तेव्हा ते उघडतं. मुलं त्यांना सर म्हणतात, आपणही सरच म्हणू. वय पंचेचाळिशीचं. चप्पल काढली की पहिली नजर इन्व्हर्टरकडे. रात्री दोनदा लाइट गेली होती. दिवा हिरवा हवा, तो पिवळा आहे. "चार वर्षं झाली बॅटरीला. पाणी घालून घालून चालवलीय," सर म्हणतात. नवी तेरा-चौदा हजारांची. जुनी परत दिली की दोन-अडीच हजार सुटतात.

कोपऱ्यात सर्व्हर. पुण्यातल्या एका ऑफिसनं मोडीत काढलेला, सव्वीस हजारांना घेतलेला, एसटीच्या डिकीतून गोणपाटात गुंडाळून आणलेला. रॅम नंतर थोडी थोडी करत ६४ जीबीपर्यंत नेली. रात्रंदिवस चालू ठेवला तर महिन्याला वीजबिलात हजाराच्या आसपास भर पडते. म्हणून रात्री बंद, पहाटे चालू. पंखे आधी जोरात ओरडतात, मग शांत होतात. सर तोवर खुर्च्या पुसून घेतात.

६.०५. आजचं काम एका फाइलीचं आहे.

जीएनएस३ नावाचं मुक्त सॉफ्टवेअर आहे. पडद्यावर राउटर ओढून ठेवायचे, तारा जोडायच्या, चालू करायचं. राउटरचं चित्र असलं तरी आत चालणारं सॉफ्टवेअर खरंच असतं. ते व्हर्च्युअल मशीन म्हणून चालतं. प्रत्येक जातीच्या राउटरसाठी एक टेम्प्लेट लागतं. रॅम किती द्यायची, नेटवर्क कार्डं किती आणि कुठल्या जातीची, डिस्क कशी जोडायची, कन्सोल कसा उघडायचा, एवढं त्यात लिहिलेलं असतं. साधी मजकुराची फाइल, जेसॉनमध्ये. जगभरातले लोक अशा फाइली लिहितात आणि एका सामायिक साठ्यात पाठवतात. तिथून त्या कुणालाही घेता येतात.

राउटरची इमेज, म्हणजे ते सॉफ्टवेअर स्वतः, त्या फाइलीत नसते. ती ज्याची त्यानं आणायची. सिस्कोची असेल तर परवाना घेऊन, मुक्त असेल तर सरळ उतरवून. टेम्प्लेटमध्ये इमेजचं नाव असतं, आकार असतो आणि एमडी५ची ३२ अक्षरं असतात. तुम्ही आणलेली फाइल तीच आहे का, ते या अक्षरांवरून कळतं.

आज सर ओपनडब्ल्यूआरटीच्या टेम्प्लेटमध्ये २४.१० मालिकेतली नवी आवृत्ती घालणार आहेत. घरगुती वायफाय राउटरवर बसवायची ही मुक्त प्रणाली. २००४ साली लिंक्सिसच्या डब्ल्यूआरटी५४जी या राउटरच्या खुल्या झालेल्या कोडवरून ती सुरू झाली, नावातली तीन अक्षरं तिथलीच. जुन्या आवृत्त्या टेम्प्लेटमध्ये आहेतच. नवी घालायची म्हणजे दहा-पंधरा ओळींचं काम. "ओळी दहा मिनिटांत होतात," सर म्हणतात. "त्या खऱ्या आहेत का हे बघायला दिवस लागतो."

६.२०. इमेज उतरते. दबलेली फाइल दहा-बारा एमबीची, मिनिटभरही लागत नाही. सर लगेच ती उघडत नाहीत. शेजारच्या यादीत तिची शा२५६ची लांबलचक खूण दिलेली असते, ती आधी पडताळतात. जुळली. मग फाइल फुगवतात. पडद्यावर एक ओळ येते. उलगडणं ठीक झालं, शेपटीला लागलेला कचरा सोडून दिला, अशा अर्थाची.

नवशिका इथं घाबरतो. फाइल बिघडली समजून चार वेळा उतरवतो. तो कचरा नसतोच. अपग्रेडच्या वेळी लागणारी माहिती ओपनडब्ल्यूआरटीवाले फाइलीच्या शेवटी जोडतात, ती उलगडणाऱ्या प्रोग्रॅमला ओळखता येत नाही, इतकंच. सर वहीत टिपून घेतात. वही शाळेची, दोनशे पानी, वर जुन्या कॅलेंडरच्या कागदाचं कव्हर.

आता फुगलेल्या फाइलीचा आकार. सव्वाशे एमबीच्या आसपास. टेम्प्लेटमध्ये "आसपास" चालत नाही, बाइटपर्यंत लिहावा लागतो. मग एमडी५. ही ३२ अक्षरं दबलेल्या फाइलीची काढायची नाहीत, फुगवलेल्या फाइलीची काढायची. सर ती काढतात, वहीत पेनानं लिहितात, चार-चार अक्षरं सोडून. मग पडद्यावरून वाचतात आणि वहीत बोट फिरवतात. कॉपी-पेस्ट करता येत असताना हे कशाला, असं मी विचारतो. "पेस्ट करणारच की. पण दोन आवृत्त्या शेजारी उघड्या असल्या की हात चुकून दुसरीकडं जातो. वहीतलं हलत नाही." मला हे पटलं. अक्षर चुकलं तर दूरवर कुठंतरी एखाद्या मुलाला पडद्यावर इशारा दिसतो की ही बरोबर फाइल नव्हे, स्वतःच्या जोखमीवर पुढं जायचं का. पोरगं बिचारं थांबतं तिथंच.

६.५०. पहिली सुरुवात. सर मशीनला मुद्दाम ६४ एमबीच रॅम देतात. कन्सोलची काळी खिडकी उघडते, ओळी वर सरकत जातात आणि थांबतात. कर्सर लुकलुकतो, बाकी काही नाही. शेवटच्या ओळीच्या कुठंतरी वर एक वाक्य अडकलेलं असतं, एंटर दाबा म्हणजे कन्सोल सुरू होईल. पुढच्या ओळींनी ते वर ढकललेलं, म्हणून डोळ्यांतून सुटतं. सर एंटर दाबतात. ओपनडब्ल्यूआरटी मोठ्या अक्षरांत उमटतं.

सुरू झालं. आता पॅकेजची यादी आणायला सांगतात. तीन-चार ओळी येतात आणि एक शब्द. मारला. मेमरी संपली, प्रणालीनं स्वतःच तो प्रोग्रॅम ठार केला.

९६ देतात. यादी येते. एक पॅकेज बसतं, दुसरं बसवताना पुन्हा तोच शब्द. १२८ देतात. सगळं चालतं. दर वेळी बंद, आकडा बदल, चालू, एंटर, यादी. माणूस तेच तेच करतो आणि कंटाळत नाही, हे शेजारी बसून बघताना जाणवतं. प्रत्येक आकड्यापुढं वहीत एक ओळ. मग सरळ २५६ का देत नाही, मी विचारतो.

"आठ जीबीच्या लॅपटॉपवर पोरगं सहा राउटर मांडतं. विंडोज त्यातले चार खातं, ब्राउजर एक खातो. राहिलेल्यात माझे सहा बसले पाहिजेत."

सरांचे वडील उद्यमनगरात पॅटर्न करायचे. सागवानी लाकडाचा पॅटर्न, तो वाळूत दाबून साचा, साच्यात बीड ओतायचं. बीड थंड होताना आकसतं, म्हणून पॅटर्न मापापेक्षा जरासा मोठा ठेवायचा, किती मोठा ते ठरलेलं. "जास्त ठेवला तर घासण्यात मजुरी जाते, कमी ठेवला तर नग भंगारात," सर म्हणतात. "रॅमचं तसंच हाय." वडिलांची मापाची पट्टी, आकसण्याचा हिशेब धरून आखलेली, टेबलाच्या खणात आहे. ती काढून दाखवतात आणि परत ठेवतात.

७.४०. आता जोडणी. दोन नेटवर्क कार्डं. पहिलं घरच्या बाजूचं, दुसरं बाहेरच्या. घरच्या बाजूला व्हीपीसीएस नावाचा खोटा संगणक जोडतात. जीएनएस३मध्येच येतो, जवळजवळ रॅमच खात नाही, पत्ता मागणं आणि पिंग मारणं एवढं त्याला येतं. तेवढं पुरतं. त्याला पत्ता मागायला सांगतात.

पडद्यावर एकेक अक्षर येतं. डी. थोडं थांबून पुन्हा डी. मग ओ, आर, ए. कुणी पत्ता देणारं आहे का, अशी हाक दोनदा गेली. तिकडून देऊ केला. इकडून मागितला. तिकडून पक्का झाला. पाच अक्षरांत एवढी बोलणी. लगेच पुढं पत्ता, १९२.१६८.१ या घराण्यातला, शंभराच्या वरचा. बाहेरच्या बाजूला जीएनएस३चं नॅटचं ढगाचं चित्र जोडलंय, तिथून १९२.१६८.१२२ घराण्यातला पत्ता आलाय. खोट्या संगणकावरून खऱ्या इंटरनेटला पिंग जातो. सर खुर्चीत मागं रेलतात. वहीत "नॅट: ओके".

८.३०. खाली मिसळ. कोल्हापुरात मिसळीबरोबर ब्रेडच्या स्लाइस. सर कट दोनदा मागून घेतात. पैसे द्यायचं माझं त्यांनी ऐकलं नाही.

९.१५. सकाळची बॅच. सात मुलं, कॉलेजची. एकाचा लॅपटॉप नवा, पण राउटर सुरू व्हायला पाच मिनिटं घेतोय. सर त्याच्या जीएनएस३च्या व्हर्च्युअल मशीनची निळी पाटी उघडायला लावतात. तिथं लिहिलेलं असतं, केव्हीएम आहे की नाही. याच्याकडे "नाही".

केव्हीएम असलं की व्हर्च्युअल मशीन प्रोसेसरवर थेट धावतं. नसलं की प्रत्येक सूचना क्यूएमू हा प्रोग्रॅम स्वतः उलगडून करतो. करतो बिनचूक, पण संथ. फाब्रिस बेलार यांनी २००३ मध्ये क्यूएमू लिहिला, केव्हीएम २००७ मध्ये लिनक्सच्या गाभ्यात आलं. मधल्या चार वर्षांत लोक कसे काम करत असतील ते हा मुलगा आज बघतोय.

लॅपटॉप बंद, पुन्हा चालू, बायोसमध्ये शिरायचं. कुणाचा एफ२, कुणाचा एफ१०, कुणाचा डिलीट. तिसऱ्या प्रयत्नात सापडतं. व्हर्च्युअलायझेशनचा पर्याय बंद होता, दुकानातून आला तेव्हापासून. चालू केला, विंडोजमधलं आणखी एक खूणघर काढलं. पाटीवर आता "आहे". राउटर अर्ध्या मिनिटात सुरू. "नाद खुळा," मुलगा म्हणतो.

फी तीन महिन्यांची नऊ हजार, हप्त्यानं. सातांपैकी दोघांचा दुसरा हप्ता बाकी आहे. सर हजेरीच्या पानावर टिंब करतात, बोलत काही नाहीत.

११.४०. मोटरसायकलवरून शिरोली एमआयडीसी. तावडे हॉटेलचा चौक ओलांडून महामार्ग, मग पंचगंगेचा पूल. पाणी गढूळ, काठाची झुडपं बुडालेली. राजाराम बंधाऱ्याची इशारा पातळी ३९ फूट, धोक्याची ४३. आज त्याच्या बऱ्याच खाली आहे. पुलावरून जाणारा प्रत्येक जण मान वळवून बघतोच.

काम एका फाउंड्रीत. गेटवरचं वजनकाट्याचं केबिन ऑफिसशी तुटलंय. ट्रक थांबलेत, पावत्या हातानं लिहिणं चाललंय. सर आधी स्विचकडे जातात. काळी धूळ बोटाला लागते, लोखंडाची, वाळूची. फुंकर मारत नाहीत, रंगाऱ्याचा जुना ब्रश आहे त्यांच्याकडे, त्यानं झाडतात. स्विच ठीक. टेस्टरची दोन टोकं दोन बाजूंना लावतात. आठ दिव्यांपैकी एक आणि दोन लागत नाहीत.

केबल भट्टीच्या शेडच्या भिंतीला धरून नेलीय. उष्णतेनं वरचं आवरण कडक होऊन तडकलंय, आत पाणी शिरलंय. सांधा मारून भागणार नाही. नवी चाळीस मीटर, बाहेरच्या बाजूनं, पाइपातून. शिडी फाउंड्रीची, धरायला एक हेल्पर, बिहारचा. अर्धा तास फक्त केबल ओढण्यात. सरांचा शर्ट पाठीला चिकटलेला.

मग टोकं. आवरण सोलायचं, चार जोड्या उलगडायच्या, बोटांनी सरळ करायच्या. पांढरा-नारिंगी, नारिंगी, पांढरा-हिरवा, निळा, पांढरा-निळा, हिरवा, पांढरा-तपकिरी, तपकिरी. हा क्रम सर पुटपुटत नाहीत, बोटंच लावत जातात. टोकं एका रेषेत कापायची, कनेक्टरमध्ये पार आतपर्यंत ढकलायची, उजेडाकडं धरून बघायचं की आठही तांबडी टोकं पुढच्या काचेसारख्या भिंतीला टेकलीत. मग क्रिंपिंग टूल, एक दाब, करकच्च. टूल अठराशेचं, दहा वर्षं झाली. स्वस्तातलं तीनशेला मिळतं, पण ते आठापैकी एक पट्टी अर्धवट दाबतं आणि तो दोष महिन्यानं वर येतो.

टेस्टर. एक ते आठ, क्रमानं, हिरवे.

बिल. केबल चाळीस मीटर, पंचवीस रुपयांनी एक हजार. कनेक्टर चाळीस रुपये. पाइप आणि क्लिपा दोनशे साठ. मजुरी सातशे. दोन हजार. मॅनेजर म्हणतात, "सर, एकोणीसशे करा की, आणि महिनाअखेरीला घ्या." सर हसतात, एकोणीसशे लिहितात.

दु. २.१५. घरी जेवण. आई विचारतात, "भिजलास काय रं?" भाकरी, मुगाची उसळ, कांदा. वीस मिनिटं पाठ टेकणं. परत.

३.००. कागलहून येणारी एक विद्यार्थिनी लवकर आलीय. बॅच संध्याकाळची आहे, पण तिची एसटी दुपारचीच सोयीची. २०२३ पासून महिलांना एसटीला अर्धं तिकीट आहे, त्यामुळं हा क्लास तिला परवडतो, असं ती सरळ सांगते. सरांनी जुन्या आवृत्तीचं ओपनडब्ल्यूआरटी घरी मांडून बघायला सांगितलं होतं. काल रात्री एक वाजेपर्यंत बसली. इंटरनेट आलंच नाही.

"सर, पत्ता येतोय. बाहेरच्या बाजूला पण येतोय. पण पिंग जात नाही."

"बाहेरचा पत्ता काय आला?"

"१९२.१६८.१ आणि काहीतरी."

"आणि आतला?"

ती थांबते. "तो पण १९२.१६८.१."

"मग राउटरला कसं कळणार गं, कुठलं घर आणि कुठला रस्ता?"

तिनं सरांसारखं नॅटचं चित्र जोडलेलं नव्हतं. घरच्या वायफायला सरळ पूल बांधला होता. घरच्या वायफाय राउटरचं घराणं १९२.१६८.१, आणि ओपनडब्ल्यूआरटी आपल्या आतल्या बाजूला पहिल्यापासून तेच घेऊन येतं, स्वतःचा पत्ता १९२.१६८.१.१ लावून. दोन्हीकडं एकच घराणं. इकडचं पाकीट तिकडं पाठवायचं कारणच त्याला दिसत नाही. बिघडलेलं काहीच नसतं आणि चालत काहीच नाही. हा त्रास मला सगळ्यात वाईट वाटतो, कारण त्यात माणूस स्वतःला मठ्ठ समजू लागतो. ती तसंच म्हणाली, "मला वाटलं मलाच जमत नाही."

सर तिला आतलं घराणं बदलायला लावतात. १९२.१६८.५०. सेवा पुन्हा सुरू. पिंग जातो. ती काही बोलत नाही, आणखी दोनदा पिंग मारून बघते.

सर वही ओढतात. टेम्प्लेटमध्ये "वापर" नावाची एक जागा असते. आयात करताना शेवटच्या पानावर तो मजकूर दिसतो. पहिलं कार्ड आतलं, दुसरं बाहेरचं, इतकं साधारण तिथं असतं. त्यात आता एक वाक्य. बाहेरचं नेटवर्क १९२.१६८.१ चं असेल तर आतला पत्ता आधी बदला. वाक्य इंग्रजीत लिहायचं, कारण वाचणारा ब्राझीलचाही असेल. सर तीन प्रकारे लिहून बघतात. पहिलं चार ओळींचं होतं. शेवटचं एका ओळीत बसलं. शब्द सगळे सोपे.

५.००. टपरीवर चहा, दहा रुपये. मी विचारायचं ते विचारतो. या टेम्प्लेटचे पैसे किती मिळतात?

"काही नाही."

मग का?

सर पटकन उत्तर देत नाहीत. आधी दुसरंच सांगतात. ते शिकत होते तेव्हा राउटर हाताळायला मिळायचा तो इन्स्टिट्यूटमध्ये, आठवड्यातून एकदा, पंधरा मुलांत एक. कन्सोलची केबल ज्याच्या हातात, तो शिकला. बाकीचे मागून बघायचे. मग डायनामिप्स आलं. ख्रिस्तोफ फियो नावाच्या फ्रेंच माणसानं २००५ मध्ये सिस्कोचा राउटर साध्या संगणकात चालवून दाखवला. त्याच्यावर जेरेमी ग्रॉसमन यांनी चित्रांचा पडदा बसवला, २००८ मध्ये, तेच जीएनएस३. सरांनी ते एका सायबर कॅफेतून सीडीवर आणलं. "त्या रात्री माझ्याकडं पाच राउटर होते. माझे एकट्याचे. कुणी केबल मागायला नव्हतं."

चहावाला ग्लास उचलून नेतो. "कुणीतरी ते लिहिलं होतं म्हणून मला मिळालं. त्यानं आकडा चुकीचा लिहिला असता तर मी त्या रात्रीच सोडून दिलं असतं. वायरमन झालो असतो." मग लगेच, "वायरमन वाईट नव्हे. आज दुपारी तोच होतो की."

६.३०. संध्याकाळची बॅच, अकरा जण. बाहेर पाऊस धरलाय. सर फळ्यावर त्रिकोण काढतात. कोल्हापूर, कराड, सांगली. कोल्हापूर-कराड सरळ तार, आणि सांगलीवरून वळसा. तिन्ही ठिकाणी एफआरआर चालवणारा राउटर. ही पण मुक्त प्रणाली, टेम्प्लेट तयारच असतं. सगळ्यांनी तीन राउटर मांडले. इमेज एकच असते, जीएनएस३ तिला हात लावत नाही. प्रत्येक राउटरसाठी वेगळी छोटी फाइल करतं, सुरुवातीला दोनेकशे केबीची, आणि जो बदल होईल तेवढाच तीत लिहितं. म्हणून अकरा लॅपटॉपवर तेहतीस राउटर उभे राहतात आणि डिस्क कुरकुरत नाही.

ओएसपीएफ चालू, म्हणजे राउटर एकमेकांना वाटा सांगू लागले. कोल्हापुरातून कराडला पिंग सुरू. ओळी पडतायत. सर म्हणतात, "आता कोल्हापूर-कराड तारेवर उजवी कळ. निलंबित करा."

पिंग थांबतो. सगळे पडद्याकडं बघतात. कुणी कळा दाबायला लागतं, सर हात वर करतात. थांबा. भिंतीवरचं घड्याळ. दहा सेकंद. वीस. तीस. छत्तिसाव्या सेकंदाला कागलच्या मुलीच्या पडद्यावर पहिलं उत्तर येतं, सांगलीवरून. मग एकेकाच्या.

राउटर दर दहा सेकंदांनी शेजाऱ्याला हाक देतो. शेवटच्या हाकेपासून चाळीस सेकंद काहीच आलं नाही तर शेजारी मेला असं धरतो. तोवर पाकिटं तुटलेल्या वाटेनं पाठवत राहतो. तार तुटली तरी राउटरचा दिवा पेटलेलाच राहिला, मध्ये स्विच असला की राहतो तसा, तर त्याला लगेच कळत नाही.

"२०१९ चा महापूर आठवतो कुणाला?" सगळ्यांनाच आठवतो, तेव्हा ही मुलं शाळेत होती. ऑगस्टमध्ये शिरोलीजवळ महामार्गावर पाणी होतं, पुणे-बंगळूर रस्ता कित्येक दिवस बंद. सर तेव्हा एका केबल ऑपरेटरचं नेटवर्क बघत होते. एक फायबर पाण्याखाली. दुसऱ्या वाटेची फायबर जिवंत होती, भाडंही भरलेलं होतं, पण राउटरला ती वाट कुणी सांगितलीच नव्हती. रात्रभर फोन. बोटीवाल्यांना फोन लागत नव्हते, त्यांचे नंबर ज्यांच्याकडं होते त्यांचे मेसेज जात नव्हते. शेवटी सरांनी हातानं मार्ग लिहिला. "त्याची तालीम तिथं कुणी केली नव्हती. हे पडद्यावर एकदा करून बघितलं असतं तर पंधरा मिनिटांचं काम होतं."

मग हाक एका सेकंदाची आणि मुदत चार सेकंदांची करायला लावतात. पुन्हा तार तोडली. या वेळी कुणी घड्याळाकडं मान वळवायच्या आत उत्तर आलं. मागच्या बाकावरून एक शिट्टी. सर तिकडं डोळे वटारतात, पण ओठ हसतायत. लगेच पुढचा प्रश्न टाकतात, मग सगळीकडं एकच सेकंद का ठेवत नाहीत? अर्धा तास त्यावर वाद. जुनाट वायरलेस जोडणीवर चार हाका पावसात सहज हुकतात, आणि मग राउटर मिनिटाला तीनदा वाट बदलत बसतो. हे मुलांनीच काढलं. तारेवर पाकिटं गळायचा फिल्टर लावला आणि बघितलं.

८.५०. लाइट जाते. इन्व्हर्टर पीप करतो. सर धावत सर्व्हरकडं, तीन मिनिटांत सगळं नीट बंद. बॅटरी आणखी तेवढीही टिकली असती की नाही, शंकाच. मुलं मोबाइलच्या उजेडात पिशव्या भरतात. कागलची मुलगी शेवटच्या एसटीसाठी निघते. जाताना सर तिच्या पेनड्राइव्हवर नव्या टेम्प्लेट फाइलीचा कच्चा मसुदा टाकून देतात. "घरी जाऊन आयात कर. मला काही विचारायचं नाही. जिथं अडशील ते लिहून ठेव." हाही तपासणीचाच भाग. लिहिणाऱ्यानं स्वतःची फाइल कितीही तपासली तरी त्याला उत्तर आधीच माहीत असतं.

९.२०. लाइट येते. घरून फोन, "अहो, जेवायला येताय की झाकून ठेवू?" झाकून ठेवायला सांगतात.

९.४५. जेसॉन, आता पक्कं. आवृत्त्यांच्या यादीत वरती नवी, तिच्याखाली जुन्या. इमेजचं नाव, आवृत्ती, एमडी५, आकार, कुठून उतरवायची तो पत्ता, फाइल दबलेली आहे याची खूण. रॅम १२८. कार्डं दोन. वहीतलं बोट एकेका अक्षरावर, पडद्यावरचा कर्सर एकेका अक्षरावर. कंस मिटले का. स्वल्पविराम शेवटच्या नोंदीनंतर राहिला नाही ना. साठ्याबरोबरच तपासणीची छोटी पायथन स्क्रिप्ट येते, ती चालवतात. सगळं साच्याप्रमाणे आहे का एवढं ती बघते. १२८ पुरतात की नाही, हे तिला बघता येत नाही. ते पहाटेच झालंय.

१०.३५. मोबाइलवर मेसेज. कागल. "सर, आयात झालं. .gz फाइल तशीच दिली तर घेत नाही, आधी उघडा म्हणतंय. उघडून दिली, घेतली. शेवटच्या पानावरची ओळ वाचली, पत्ता आधीच बदलला. पिंग जातोय. एंटर दाबायचं कळायला दहा मिनिटं गेली."

सर शेवटचं वाक्य पुन्हा वाचतात. फाइल परत उघडतात. वापराच्या जागेत आणखी एक छोटं वाक्य. कन्सोल थांबलेला दिसला तर एंटर दाबा. स्क्रिप्ट पुन्हा. मग पुल रिक्वेस्ट, म्हणजे हा बदल साठ्यात घ्यावा ही विनंती. बदल काय केला, कशावर चालवून बघितला, किती रॅमवर काय झालं, चार ओळींत. ६४ आणि ९६ वर काय बिनसलं तेही लिहितात, म्हणजे उद्या कुणी "रॅम कमी करा" म्हणालं तर त्याला पुन्हा हीच पहाट काढायला नको. पाठवतात. पिवळं टिंब येतं, तिकडची आपोआप तपासणी चाललीय. दीडेक मिनिटानं हिरवी खूण. आता साठा सांभाळणाऱ्यांपैकी कुणीतरी बघेल, शंका असली तर विचारेल, मग आत घेईल. कधी दोन दिवस, कधी तीन आठवडे.

१०.५५. वहीत उद्याचं पान. बॅटरीसाठी लक्ष्मीपुरीत जायचं, जुनी गाडीवर बांधून न्यायला दोरी. फाउंड्रीचं बिल टाइप करायचं. बायोसच्या कळांची यादी कंपनीवार फळ्याशेजारी चिकटवायची. सकाळच्या बॅचमधल्या दोघांना हप्त्याचं विचारायचं, यावर रेघ मारतात आणि पुढं लिहितात, पुढच्या आठवड्यात. खाली मायक्रोटिकच्या सीएचआर या राउटरची नवी आवृत्ती, कारण गडहिंग्लजच्या एका केबलवाल्यानं विचारलीय. ती झिप फाइल आहे. सर तिचं उतरवणं आत्ताच लावून देतात आणि दाराला पुन्हा खांदा देतात.